स्वयंपाकघरांतील शास्त्र : सर्वांच्या पानांत एकच गोड

वैशाख लागला, अढींतील आंब्यांचा वास माजघरापर्यंत येऊं लागला, कीं एकत्र कुटुंबांतील गृहिणीपुढें दरवर्षीं एकच कोडें उभें राहतें. मुलांना आमरस हवा असतो, तरुण मंडळींस आम्रखंड हवें असतें, आणि पंक्तीच्या टोकाला बसलेल्या वडीलधाऱ्यांस यांपैकीं कांहींच द्यावयाचें नसतें. कोणास दूध सोसत नाहीं, कोणाचें पोट जड होतें, कोणास मधुमेहामुळें डॉक्टरांनीं हात आखडावयास सांगितलेलें असतें. मग त्यांच्या पानांत एक वेगळी फोड वाढली जाते, किंवा वाढणारीचा हात त्यांच्या पानावरून नुसताच पुढें जातो. वडील मंडळी बोलत नाहींत. पण त्यांस त्याचें कांहींच वाटत नाहीं असें समजणें बरोबर नव्हे. पंक्तींत बसूनहि पंक्तीबाहेर असल्यासारखें वाटणें, हें पथ्यापेक्षांहि जड जातें.

या महिन्यांत आम्ही वाचकांपुढें जो पदार्थ ठेवीत आहों, तो या कोड्यावरचा एक उपाय आहे. तो औषध नव्हे, हें आरंभींच सांगतों. ‘पोटास हितकर’ हे शब्द हल्लीं दुकानांतील डब्यांच्या वेष्टनांवर इतके स्वस्त झाले आहेत कीं, त्यांवर विश्वास ठेवून घर चालविणें कठीण व्हावें. आमचें म्हणणें एवढेंच आहे कीं, एखादा गोड पदार्थ पोटाला मानवतो, तो त्यांत कोणती नामांकित वस्तु घातली यामुळें नव्हे. ती वस्तु केव्हां घातली, ती घालतांना पदार्थ किती ऊन होता, आणि शेवटीं पानांत किती वाढली, यांवर बहुतेक सारें अवलंबून असतें. क्रम आणि माप या दोन गोष्टी साधल्या, तर एकच वाटी आजोबांच्या आणि नातवाच्या पानांत ठेवतां येईल.

मूळ पदार्थ

थायलंड देशांत, ज्यास आपल्या जुन्या भूगोलाच्या पुस्तकांत सयाम म्हणत, आंब्याच्या दिवसांत एक पदार्थ घरोघरीं आणि रस्तोरस्तीं खाल्ला जातो. त्याचें नांव ‘खाव नियाव मामुआंग’. खाव म्हणजे भात, नियाव म्हणजे चिकट, आणि मामुआंग म्हणजे आंबा. नांवांतच सारी कृति आली. एका विशेष जातीचे चिकट तांदूळ कांहीं तास भिजवून वाफेवर शिजवितात. ते ऊन असतांनाच त्यांत साखर व मीठ घातलेलें नारळाचें दूध मुरवितात. शेजारीं पिकल्या आंब्याच्या फोडी मांडतात. वरून नारळाच्या घट्ट दुधाची किंचित् खारट साय सोडतात, आणि कुरकुरीत भाजलेली मुगाची डाळ भुरभुरवितात. यासाठीं तिकडे ‘नाम दोक माय’ नांवाचा लांबट, पिवळा, रेषा नसलेला आंबा फार मानतात. त्या नांवाचा अर्थ फुलांतील मध असा होतो. त्यांचा हंगामहि आपल्याप्रमाणेंच एप्रिल-मे महिन्यांचा. इ. स. २०२२ च्या एप्रिल महिन्यांत अमेरिकेंतील कोचेला संगीतमहोत्सवांत मिली नांवाच्या तरुण थाई गायिकेनें रंगमंचावरच हा पदार्थ खाल्ला, आणि त्यानंतर तिकडे बँकॉकमध्यें त्याची मागणी एकाएकीं वाढली. आपल्याकडील कांहीं घरांतहि त्याचें नांव पोंचलें तें अशाच वाटांनीं.

परंतु कोंकणांतील वा गोमंतकांतील गृहिणीस हा पदार्थ पाहून परकेपणा वाटणार नाहीं. नारळी पौर्णिमेचा नारळीभात, फणसाच्या रसांत तांदळाचा रवा मिसळून उकडलेलें सांदण, चण्याची डाळ व नारळाचें दूध यांचें मणगणें, हीं सारीं याच कुळांतलीं आहेत. तांदूळ, नारळ, गोडी आणि गोडीला उठाव देणारें चिमूटभर मीठ, हें त्रैराशिक समुद्रकांठच्या लोकांनीं जेथें तेथें आपापल्या परीनें सोडविलें आहे.

मूळ पदार्थ जसाच्या तसा करण्यांत मात्र एक अडचण आहे. तो रुचकर आहे, पण हलका नाहीं. साखर पुष्कळ, नारळाची साय पुष्कळ, आणि भात असा कीं जो पोटांत गेल्यावर फार लवकर साखरेंत रूपांतर पावतो. तेव्हां आम्हीं त्यांत तीन फेरफार केले आहेत. चिकट तांदळाच्या जागीं आपला इंद्रायणी किंवा आंबेमोहर घेतला. नारळाच्या सायींत घरच्या दह्याचा चक्का मिसळला. आणि गोडी आंब्यावर सोंपवून गूळ अगदीं बेताचा ठेवला. प्रत्येक फेरफाराला कारण आहे, तें पुढें येईल.

दोन आक्षेप

हा पदार्थ घरांत आणतांना सूनबाईस दोन आक्षेप ऐकावे लागण्याचा संभव आहे. दोन्ही आक्षेप आदरानें ऐकण्यासारखे आहेत, म्हणून त्यांचा विचार आधीं करूं.

पहिला आक्षेप असा कीं, देवाधर्माच्या घरांत हीं परदेशी मिश्रणें कशाला? यावर आमचें उत्तर असें कीं, आपल्या ताटांतील परदेशी पाहुणे मोजूं गेल्यास ताट अर्धें रिकामें होईल. अननस आणि पपई हीं दोन्ही फळें मूळचीं अमेरिका खंडांतलीं. पोर्तुगीज दर्यावर्द्यांच्या वाटेनें सोळाव्या शतकांत तीं आपल्याकडे आलीं, आणि त्यांचीं नांवेंहि बरोबर घेऊन आलीं. एकादशीला जो साबुदाणा आपण निःशंकपणें भिजत घालतों, तो आपल्याकडे ज्या कंदापासून होतो तो कंदहि दक्षिण अमेरिकेचाच. फार काय, आंबा आपला खरा. पण ‘हापूस’ हें नांव आफोंसो या पोर्तुगीज नांवावरून आलेलें आहे, आणि गोमंतकांत त्या लोकांनीं कलमें बांधण्याची विद्या रुजविली म्हणून आंब्याची ती जात आपल्या हातीं टिकली. जें पचलें तें आपलें झालें. स्वयंपाकघराचा हा नियम फार जुना आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. दूध आणि आंबट फळें एकत्र खाऊं नयेत असें चरकसंहितेच्या सूत्रस्थानांत विरुद्धाहाराच्या प्रकरणांत सांगितलें आहे, आणि घरांतील आजीबाई हें शास्त्र न वाचतांहि जाणतात. या पदार्थांत गाईम्हशीचें दूध मुळींच नाहीं, हें त्यांस मोकळेपणानें सांगावें. नारळाचें दूध हें नांवापुरतें दूध. तो फळाचा रस आहे. त्यांत दुधांतील शर्करा, जीस लॅक्टोज म्हणतात, ती नसते. ज्यांना दूध प्यालें कीं पोटांत गुडगुड होते, त्यांच्या आंतड्यांत बहुधा हीच शर्करा पचविणारें द्रव्य कमी झालेलें असतें, आणि वय वाढतां हें पुष्कळांच्या बाबतींत घडतें. राहतां राहिला चक्का. त्यांत व आंब्यांत वैर मानावयाचें, तर आम्रखंडाची गोष्टच काढावयास नको. तें तर आपल्या सणांतील मानकरी होऊन बसलें आहे. तरी ज्या घरीं दह्याविषयींहि मन साशंक असेल, तेथें चक्का वगळावा. पदार्थ अडत नाहीं. त्याचा एक गुण मात्र कमी होतो.

भाताचें रहस्य

आतां शास्त्राकडे वळूं. तांदळांतील पिष्ट दोन प्रकारच्या घटकांचें बनलेलें असतें. एकाची रचना सरळ साखळीसारखी असते, त्यास अमायलोज म्हणतात. दुसऱ्याची रचना फांद्या फुटलेल्या झाडासारखी, तो अमायलोपेक्टिन. थाई चिकट तांदळांत पहिला घटक जवळजवळ नसतोच. म्हणून तो इतका चिकटतो, आणि पचनरसांना तितकाच लवकर वश होतो. आपल्या इंद्रायणींत व आंबेमोहरांत अमायलोज त्याहून पुष्कळच अधिक असतो. तरी भात मऊ आणि किंचित् चिकट होतो, ही त्यांची खुबी. इंद्रायणी ही आंबेमोहराच्याच वंशांतली संकरित जात आहे. आणि आंब्याच्या मोहराचा वास ज्या तांदळाच्या नांवांत आहे, त्याचा आंब्याशीं संग व्हावा हें योग्यच झालें.

भात शिजला म्हणजे हे दोन्ही घटक पाण्यानें फुगून सैल होतात. तोच भात थंड झाला म्हणजे विशेषतः अमायलोजच्या साखळ्या पुन्हा एकमेकींस बिलगतात, आणि त्यांची अशी घट्ट मोळी बनते कीं, लहान आंतड्यांतील पाचकरसांस ती सोडवितां येत नाहीं. या भागास शास्त्रज्ञ ‘प्रतिरोधी पिष्ट’ म्हणतात. तें न पचतां मोठ्या आंतड्यांत जातें. तेथें जे असंख्य सूक्ष्मजीव वस्ती करून असतात, त्यांचें तें अन्न होतें. त्यांनीं तें आंबविलें कीं त्यांतून ब्युटिरेटसारखीं आम्लें निघतात, आणि मोठ्या आंतड्याच्या अस्तरांतील पेशी त्यांच्यावर पोसतात. पोटाच्या आरोग्याची गोष्ट ती हीच. आपण जेवतों तेव्हां आपण एकटे जेवत नाहीं. त्या अदृश्य गोतावळ्याचेंहि पान मांडलेलें असतें.

यांत किती लाभ, हेंहि मोजून सांगितलें पाहिजे. इ. स. २०१५ मध्यें प्रसिद्ध झालेल्या, इंडोनेशियांतील संशोधकांच्या एका प्रयोगांत, ताज्या पांढऱ्या भाताच्या १०० ग्रॅमांत प्रतिरोधी पिष्ट ०.६४ ग्रॅम आढळलें. तोच भात २४ तास शीतपेटींत ठेवून पुन्हा ऊन केल्यावर तें १.६५ ग्रॅम झालें. म्हणजे वाढ अडीचपट झाली, पण ती ग्रॅमभराचीच. तेव्हां थंड केलेला भात म्हणजे कोणी संजीवनी नव्हे; रोज थोडा थोडा मिळणारा व्याजाचा पैसा आहे. पुन्हा ऊन केल्यानें हा लाभ नाहींसा होत नाहीं, ही त्यांतील सोयीची गोष्ट. शिळा गार भात वडिलांच्या पानांत वाढावा लागत नाहीं.

येथें एक धोक्याची सूचना द्यावीच लागते. तांदळांत बॅसिलस सीरियस नांवाच्या जंतूचीं बीजें असूं शकतात, आणि भात उकळला तरी तीं मरत नाहींत. भात तासन् तास ओट्यावर कोमट पडून राहिला, तर तीं बीजें रुजतात व वांतीचें विष तयार करतात. तें विष मागाहून भात कितीहि ऊन केला तरी जात नाहीं. म्हणून ‘थंड केलेला भात’ आणि ‘पडून राहिलेला भात’ यांत जमीनअस्मानाचें अंतर आहे. भात शिजतांच परातींत पातळ पसरावा, पंख्याखालीं निववावा, आणि तासाभराच्या आंत झांकून शीतपेटींत ठेवावा. दुसऱ्या दिवशीं तो संपवावा. उरला तर टाकून द्यावा. अन्न टाकवत नाहीं म्हणून तो गड्यामाणसांस देणें हें पुण्य नव्हे.

दह्याची मर्यादा

दह्याविषयींहि असेंच तोलून बोललें पाहिजे. रशियन शास्त्रज्ञ मेचनिकॉफ यांस इ. स. १९०८ चें नोबेल पारितोषिक मिळालें तें रोगप्रतिकाराच्या शोधाबद्दल. पण सामान्य जनांत त्यांचें नांव झालें तें आंबलेल्या दुधाच्या पुरस्कारामुळें. बल्गेरियांतील शेतकरी दीर्घायुषी होतात तें आंबट दुधाच्या बळावर, असें त्यांचें मत होतें. दीर्घायुष्याचा तो दावा पुढें टिकला नाहीं; परंतु दह्यांतील जिवंत सूक्ष्मजीव दुधांतील शर्करा पचविण्यास साह्य करतात, एवढें मात्र नीट सिद्ध झालेलें आहे. जागतिक आरोग्य संघटना आणि अन्न व कृषि संघटना यांच्या तज्ज्ञांनीं इ. स. २००१ मध्यें ‘प्रोबायोटिक’ शब्दाची जी व्याख्या केली, तींत तीन अटी आहेत : सूक्ष्मजीव जिवंत पाहिजेत, पुरेशा संख्येनें पाहिजेत, आणि त्यांपासून आरोग्यास लाभ झाला पाहिजे. घरच्या विरजणांत कोणत्या जातीचे किती सूक्ष्मजीव आहेत हें घरोघरीं आणि ऋतूऋतूला बदलतें. त्यास हा मोठा शब्द लावण्याची घाई करूं नये. पण तीन अटींपैकीं पहिली अट तर सर्वस्वीं गृहिणीच्या हातांत आहे. दहीं कढत भातांत ढवळलें कीं त्यांतील सूक्ष्मजीव मेले. मग त्यांत चव उरली, सजीवपणा उरला नाहीं. म्हणून आमच्या कृतींत चक्का अगदीं शेवटीं, पूर्ण निवलेल्या सायींत मिसळावयाचा आहे.

फळ कोणतें घ्यावें

आंबा हा या पदार्थाचा राजा खरा; परंतु राजाची मर्जी सर्वांवर सारखी नसते. पिकल्या आंब्याच्या १०० ग्रॅम गरांत सुमारें १४ ग्रॅम शर्करा असते, आणि तींत फ्रुक्टोज नांवाची फलशर्करा ग्लुकोजपेक्षां अधिक असते. ज्यांचें आंतडें हळवें आहे, ज्यांस वरचेवर वायु धरतो, त्यांच्यापैकीं कांहींना ही अधिकची फलशर्करा नीट शोषतां येत नाहीं, आणि मोठ्या आंतड्यांत ती आंबून पोट फुगतें. अशांनीं आंबा अजिबात सोडावा असें नाहीं. दोन-तीन फोडींनीं बहुधा बाधत नाहीं. बाकीची वाटी पिकल्या पपईनें भरावी. पपई ही त्या दृष्टीनें अधिक सौम्य. पपईंतील जें पाचकद्रव्य प्रसिद्ध आहे, तें मुख्यतः कच्च्या फळाच्या चिकांत असतें, पिकल्या फळांत फार थोडें. तेव्हां पिकली पपई खावी ती तिच्या मऊपणासाठीं आणि चोथ्यासाठीं; चमत्कारासाठीं नव्हे.

अननस घ्यावयाचा असेल, तर एक युक्ति लक्षांत ठेवावी. कच्च्या अननसांत ब्रोमेलिन नांवाचें प्रथिनें तोडणारें द्रव्य असतें. तो चिरून तसाच दह्यांत वा चक्क्यांत मिसळला, तर थोड्याच वेळांत सारें मिश्रण पातळ व कडवट होतें, आणि दोष मात्र बिचाऱ्या दह्यावर येतो. फोडी आधीं थोड्या पाण्यांत पांच-सात मिनिटें उकळून घेतल्या कीं तें द्रव्य निष्प्रभ होतें. मग अननस निवला म्हणजे निर्धास्तपणें वापरावा.

साहित्य (दहा माणसांस)

वाटी १५० मिलिलिटरची धरावी. इंद्रायणी किंवा आंबेमोहर तांदूळ २ वाट्या (सुमारें २६० ग्रॅम), मोठा नारळ १, चिरलेला गूळ ५० ग्रॅम, चक्का अर्धी वाटी (यासाठीं पाव लिटर दुधाचें अदमुरें दहीं पुरे), मध्यम हापूस आंबे ४, मुगाची डाळ २ मोठे चमचे, सुंठीची पूड पाव चहाचा चमचा, वेलदोडे ४, मीठ.

कृति

आदले दिवशीं संध्याकाळीं : तांदूळ धुवून अर्धा तास निथळत ठेवावे. साडेतीन वाट्या पाणी व चिमूटभर मीठ घालून मऊ पण मोकळा भात करावा. रात्रीच्या भाताबरोबरच हा दुसऱ्या डब्यांत लावला, तर वेगळा खटाटोप पडत नाहीं. भात वर सांगितल्याप्रमाणें परातींत निववून, झांकून, रात्रभर शीतपेटींत ठेवावा. त्याच वेळीं दहीं स्वच्छ धुतलेल्या फडक्यांत बांधून शीतपेटींतच एका चाळणींत, खालीं भांडें ठेवून निथळत ठेवावें. बाहेर टांगलें तर वैशाखांत तें रात्रींतून आंबटढाण होतें. खालीं जमलेलें पाणी फेंकूं नये. दुसऱ्या दिवशीं कणीक भिजविण्यास तें उत्तम.

दुसरे दिवशीं सकाळीं : मुगाची डाळ तासभर भिजवून, पुसून कोरडी करावी आणि मंद आंचेवर तूप-तेल न घालतां खमंग व कुरकुरीत होईपर्यंत भाजावी. नारळ खवून, वाटीभर कोमट पाणी घालून वाटावा व पिळून घट्ट दूध काढावें. उरलेल्या चोथ्यांत दीड वाटी पाणी घालून पुन्हा वाटून दुसरें, पातळ दूध काढावें. दोन्ही दुधें वेगवेगळीं ठेवावीं. दोघांचीं कामें निराळीं आहेत.

घट्ट दूध वाटीभर घेऊन मंद आंचेवर ठेवावें, पाव चमचा मीठ घालावें, आणि कडेला बुडबुडे येतांच उतरावें. उकळूं दिल्यास फाटून तेल सुटतें. हें दूध पूर्णपणें निवूं द्यावें. बोट बुडविलें असतां उष्णता मुळींच लागतां कामा नये. मग त्यांत चक्का घालून रवीनें हलक्या हातानें घुसळावें. दाट, पांढरीशुभ्र, किंचित् आंबट-खारट साय तयार होते. ती लगेच शीतपेटींत ठेवावी.

जेवणास तासभर असतां : शीतपेटींतला भात चाळणींत घालून मोदकपात्रांत आठ-दहा मिनिटें, आंतपर्यंत चांगला ऊन होईतों वाफवावा. दुसरीकडे पातळ दुधांत गूळ विरघळवून, गाळून, एक उकळी आणावी. त्यांत सुंठ व वेलदोड्याची पूड घालावी. आमरसावर सुंठ घालण्याची आपली रीत जुनीच आहे, आणि सुंठीनें जठर लवकर मोकळें होतें असें आधुनिक प्रयोगांतहि दिसून आलें आहे. हें ऊन दूध वाफाळलेल्या भातावर ओतून, एकदांच हलक्या हातानें कालवून, वीस मिनिटें झांकून ठेवावें. भात सारें दूध पिऊन टपोरा होतो. वारंवार ढवळल्यास त्याची लापशी होते.

वाढतांना प्रथम वाटींत भात, त्याच्या शेजारीं आंब्याच्या सहा-सात फोडी, वर दीड मोठा चमचा साय, आणि सर्वांत शेवटीं मुगाची डाळ. साय भातावर आधीं घालून ठेवूं नये, आणि डाळहि. पहिली पातळ होते, दुसरी मऊ पडते. भात कोमट, आंबा गार, साय त्याहून गार, आणि दाताखालीं डाळीचा कुरकुरीतपणा, असें हें चौघांचें संमेलन आहे.

बारा महिने

आंबा संपला म्हणजे हा पदार्थ संपला असें नाहीं. पावसाळ्यांत उकळलेला अननस, हिवाळ्यांत पपई किंवा केळें घालून तो वर्षभर करतां येतो. केळें घेतल्यास गूळ निम्मा करावा. ज्यांना थोडी हौस व थोडा अधिक खर्च परवडत असेल, त्यांनीं मणिपूरचे काळे तांदूळ, ज्यांस तिकडे चाकहाओ म्हणतात, एकवार आणून पाहावे. या तांदळास इ. स. २०२० मध्यें भौगोलिक मानांकन मिळालें आहे. ते चिकट जातीचेच, पण कोंड्यासकट खाल्ले जातात; म्हणून त्यांत चोथा अधिक असतो, आणि शिजल्यावर गर्द जांभळा रंग येतो. तिकडे त्यांची खीर करतात. मात्र ते रात्रभर भिजवावे लागतात आणि शिजण्यासहि वेळ घेतात.

थायलंड, इंडोनेशिया या देशांत चिकट भात मुद्दाम आंबवूनहि गोड करतात, आणि पोटाच्या आरोग्याच्या नांवाखालीं त्याचीहि वाहवा होते. त्या प्रकारांत यीस्टच्या क्रियेनें मद्यार्क उत्पन्न होतो, हें आमच्या वाचकांनीं जाणून असावें. आपल्या घरांत तो प्रकार चालण्याजोगा नाहीं.

माप

आतां शेवटची आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट. वर सांगितलेल्या एका वाटींत भात, आंबा व गूळ मिळून सुमारें ३५ ग्रॅम कर्बोदकें पडतात, म्हणजे अदमासें दोन लहान पोळ्यांइतकीं. ज्यांस मधुमेह आहे त्यांनीं त्या दिवशीं तेवढ्या पोळ्या आणि मागला भात ताटांतून वजा करावा, अर्धी वाटीच घ्यावी, आणि पहिल्या खेपेस दोन तासांनीं रक्तांतील साखर मोजून आपल्या डॉक्टरांस दाखवावी. गूळ हा साखरेहून निरुपद्रवी, अशा समजुतीनें कोणी हात सैल सोडूं नये. रक्ताला त्या दोहोंतील भेद फारसा कळत नाहीं. नारळाची साय स्निग्ध आहे. ज्यांस स्निग्ध पदार्थ वर्ज्य सांगितले आहेत त्यांच्या वाटीवर ती चमचाभर पुरे. पोट बिघडलेलें असतां, ताप असतां, हा पदार्थ देऊं नये. त्या वेळीं आपली मऊ पेजच खरी.

पण माप केवळ आजाऱ्यांसाठीं ठेवलें, तर आम्ही आरंभीं ज्या दुःखाविषयीं बोललों तें पुन्हा मागल्या दारानें घरांत येतें. आजोबांना एकच वाटी आणि बाकीच्यांना हवी तितकी, असें झालें कीं पंक्तींत पुन्हा भेद पडला. म्हणून आमची सूचना अशी आहे कीं, या गोडाचा घरांतला नियम सर्वांना सारखा असावा : वाटी लहान, एकच, आणि दुसरी कोणालाहि नाहीं. वाढणाऱ्या सूनबाईनें हा नियम मुलांपासून आरंभावा, आणि घरधन्यांनीं तो स्वतः पाळून दाखवावा. तरुणांच्या पोटांसहि त्यानें अपाय होणार नाहीं, आणि ज्यांच्यासाठीं तो मुळांत केला त्यांना तो आपल्यासाठीं केला आहे असें जाणवणार नाहीं. पथ्य सर्वांनीं मिळून पाळलें म्हणजे त्याचें पथ्यपण जातें, आणि ती घराची रीत होते.